उंबरठ्यावरचा श्वास

“ती एकटीच गाऊन राहिली आहे ना?”

आसावरीचे वडील काचेजवळ जाऊन आत बघत होते. काचेपलीकडे त्यांची मुलगी उभी होती, समोर माइक, स्टँडवर गाण्याचा कागद. दुसरं माणूस उभं राहील एवढी जागासुद्धा त्या खोलीत नव्हती.

“एकटीच आहे, ढवळेसर,” मी म्हटलं.

“नाही, गाणं दोघांचं आहे म्हणून विचारलं.”

“दुसऱ्याचं आधीच रेकॉर्ड झालंय.”

“हो. ते माहीत आहे.” ते खुर्चीत येऊन बसले आणि मांडीवरची कापडी पिशवी त्यांनी दोन्ही हातांनी धरली. “ते तर माहीतच आहे ना बाप्पा.”

सोफ्याच्या टोकाला मंजिरीताई बसल्या होत्या. त्यांनी पर्समधून चष्मा काढला, पदराने पुसला आणि डोळ्यांवर चढवला. गाणं ऐकायला चष्मा लागणारी बाई मी पहिल्यांदाच बघत होते. त्या आसावरीच्या होणाऱ्या नणंद. राहायला ठाण्याला. ‘स्टुडिओ कसा असतो ते एकदा बघायचं होतं’ म्हणून आल्या होत्या, पण आल्यापासून त्यांनी ना यंत्रांकडे पाहिलं होतं ना भिंतींकडे. त्या फक्त आसावरीकडे बघत होत्या.

ही गोष्ट पंधराएक वर्षांपूर्वीची. तेव्हा गाण्यांच्या सीड्या अजून विकल्या जात आणि मी मुंबईत एका कॅसेट कंपनीत कामाला होते. हुद्द्याचं नाव मोठं होतं, काम एवढंच की गाणारे, वाजवणारे आणि त्यांच्याबरोबर आलेले आईबाप यांना एका छपराखाली आणायचं आणि भांडण न होता परत पाठवायचं. त्यामुळे माणूस दारातून आत आला की तो काय घेऊन आलाय आणि काय घेऊन जाईल याचा अंदाज मी बांधायची. सहसा चुकायची नाही.

त्या वर्षी एका वाहिनीवरची गाण्याची स्पर्धा फार गाजली होती. अंतिम फेरीतल्या सहा जणांकडून प्रेमगीतांची सीडी करून घ्यायची आणि व्हॅलेंटाइनच्या आठवड्यात बाजारात आणायची, असं आमच्या साहेबांनी ठरवलं. नाव ठेवलं ‘सहा सुरांचं प्रेम’. प्रत्येकाचं एकेक गाणं आणि शेवटी एक युगुलगीत. ते कोण गाणार हे कुणी विचारलं नाही, कारण ते घरोघर ठाऊक होतं.

आसावरी ढवळे हिंगणघाटची, हेडमास्तरांची मुलगी. गुरुनाथ राऊळ कुडाळकडचा, वडिलांच्या मागे बसून देवळात भजनं म्हणत वाढलेला. ही दोघं एकदा एकमेकांकडे बघून हसली ती नेमकी कॅमेऱ्यात सापडली आणि वाहिनीला घबाड मिळालं. मग ती गायला लागली की पडद्यावर याचा चेहरा, तो गायला लागला की हिचा. मागे व्हायोलिन. निवेदिका विचारायची, “गुरू, आज कुणासाठी गातोयस?” तो मान खाली घालायचा आणि लोक एसएमएस पाठवायचे. एका भागात त्याला गुडघ्यावर बसवून तिला गुलाब द्यायला लावला. गुलाब कापडी होता. शूटिंग संपल्याबरोबर सामानवाल्याने तो तिच्या हातातून काढून पेटीत ठेवला.

गुरूने आपली बाजू ऑगस्टमध्येच गाऊन दिली. गणपतीला त्याला गावी जायचं होतं आणि पुढे कार्यक्रमांची रांग लागली होती. युगुलगीत दोघांनी शेजारी उभं राहून गायचे दिवस तोवर संपले होते. एकाने आज गायचं, दुसऱ्याने सवडीने येऊन. आसावरीची सवड निघायच्या आत, दसऱ्याच्या सुमारास, एका कार्यक्रमाहून परतताना गुरूची गाडी घाटात दरीत गेली.

साहेबांना वाईट वाटलं. दोनतीन दिवस वाटलं. मग त्यांनी मला बोलावून सांगितलं, युगुलगीत आता शेवटी नको, सगळ्यात पहिलं घ्या.

हिंगणघाटला निराळंच चाललं होतं. आसावरीचं लग्न ठरलं होतं. मुलगा नागपूरचा, सरकारी इंजिनिअर, माणसं चांगली. पण त्या चांगल्या माणसांच्या घरीही टीव्ही होता. सासूबाईंनी सरळ विचारलं, त्या पोराचं आणि हिचं खरंच काही होतं काय. ढवळेसरांनी नाही म्हणून सांगितलं. करारावर सही झालेली असल्यामुळे गाणं टळणार नव्हतं, तेव्हा त्यांनी मला फोनवर अटी घातल्या. दोघांचा फोटो जोडीने नको, मुलाखत नको, आणि ती गाताना मी समोर बसेन. मंजिरीताई ही अट नंतर वाढली. ती सासरकडची होती.

पोरगी त्या आवाजाबरोबर गाताना रडली, तर लग्न मोडणार होतं. असं कुणी बोललं नव्हतं. पण चहा ओतणाऱ्यापासून सगळ्यांना माहीत होतं.

त्या दिवशी सकाळी, ही मंडळी यायच्या आधी, फ्रान्सिसने माझ्या हातात हेडफोन दिला होता. फ्रान्सिस डाबरे आमचा रेकॉर्डिस्ट. वसईचा. मोजकं बोलायचा आणि तेही यंत्राकडे बघून.

“ऐका जरा.”

गुरूचा आवाज आला. भरदार, एका दमात दोन ओळी सहज ओढणारा. त्याचं कडवं संपलं. पुढे आसावरीच्या ओळी होत्या, म्हणजे तिथे नुसती वाद्यं ऐकू यायला हवी होती. पण तो थांबला नाही. आवाज अगदी खाली घेऊन तिच्या ओळीही त्यानेच म्हटल्या. ‘उंबरठ्यावर थांबले मी, तू हाक मार ना.’

“हा बाईचं कशाला गातोय?”

“मीपण तेच विचारलं होतं. म्हणाला, आमच्याकडे डबलबारी असते. दोन बुवा समोरासमोर बसतात, एकाने भजन म्हणायचं, दुसऱ्याने त्याला उत्तर द्यायचं. समोरच्याची बाजू आधी आपण म्हणून बघितल्याशिवाय आपली नीट बसत नाही.” फ्रान्सिसने खांदे उडवले. “म्हटलं, म्हण बाबा. नंतर काढता येतं.”

मी पुन्हा ऐकलं. ‘उंबर’ म्हणून गुरू थांबत होता, एक छोटा श्वास घेत होता आणि मग ‘ठ्यावर’ म्हणत होता. मला हसू आलं. स्पर्धाभर परीक्षकांनी आसावरीला याच एका गोष्टीवरून झोडपलं होतं. लांब शब्द आला की ती मध्येच श्वास घ्यायची आणि शब्दाचे दोन तुकडे व्हायचे. सुधारायचा प्रयत्न करायची, पुढच्या आठवड्यात परत तेच. आणि गुरू नकला करण्यात पटाईत. परीक्षकांच्या, निवेदिकेच्या, माझ्यासुद्धा करायचा.

“तिची नक्कल करतोय मेला,” मी म्हटलं, आणि जीभ चावली.

फ्रान्सिस यंत्राकडे बघत राहिला.

“पुसून टाक,” मी हेडफोन परत देत म्हटलं. “पोरीला उगाच वाईट वाटेल.”

त्याने मान हलवली. हो म्हणून की नाही म्हणून, ते मला कळलं नाही.

आसावरी आल्यावर मी तिला गरम पाणी द्यायला म्हणून पॅसेजमध्ये घेऊन गेले. ती टीव्हीवर दिसायची त्याहून बारीक होती. ओठाला ओठ लावून उभी होती.

“शुभदाताई, गाणं मी अजून ऐकलंच नाही. तुम्ही शिकायला पाठवलेली सीडी आली होती, पण बाबांनी लावू दिली नाही. म्हणाले, तिथंच ऐक अन् तिथंच गा.”

“सोपी चाल आहे. एकदा ऐकलीस की बसेल.” ती पाणी पीत होती. माझी जीभ काही स्वस्थ बसणारी नव्हती. “काय गं, मला सांग. खरंच होतं काही?”

“नाही हो. आम्ही कधी बोललोच नाही.”

“इतके महिने एकत्र होतात की.”

“कॅमेऱ्यासमोर इतकं बोलायला लावायचे ना, की कॅमेरा बंद झाला की लाज वाटायची. तो पलीकडच्या दारानं निघून जायचा, मी अलीकडच्या.” तिने पेला दोन्ही हातांत धरला होता. “एकदा मेकअपच्या खोलीबाहेर समोर आला. काही तरी सांगायचं होतं त्याला. मी म्हटलं, हे पण शूटिंग करून राहिले काय? तर हसला अन् गेला.”

“मग?”

“मग काही नाही. खरं बोलला असता तरी मला खोटंच वाटलं असतं ना, ताई.”

“पाणी पुरेसं गरम आहे ना?” मागून आवाज आला. मंजिरीताई पॅसेजच्या तोंडाशी उभ्या होत्या. कधीपासून, ते त्यांच्या चेहऱ्यावरून कळायला मार्ग नव्हता. “घशाला बरं असतं. पी सगळं.”

आसावरीने सगळं पाणी पिऊन टाकलं.

तर आता ती आत उभी होती आणि आम्ही काचेच्या अलीकडे. गाणाऱ्याला हेडफोनमध्ये जे ऐकू येतं ते वेगळं आणि बाहेर स्पीकरवर जे वाजतं ते वेगळं, दोन्ही फ्रान्सिसच्या हातात. जास्तीचा एक हेडफोन असतो, तो मी नेहमीसारखा कानाला लावला.

गाणं सुरू झालं. स्पीकरमधून गुरूचा आवाज खोलीत आला तसे ढवळेसर पिशवीचे बंद बोटाला गुंडाळू लागले. मंजिरीताईंची नजर काचेवर. गुरूचं कडवं संपलं. स्पीकरवर नुसती वाद्यं राहिली.

माझ्या कानात मात्र तो चालूच होता. फ्रान्सिसने पुसलं नव्हतं.

चाल गुरूच्या कडव्याचीच होती, म्हणून आसावरीने गायला तोंड उघडलं होतं. ते तसंच राहिलं. वाद्यं पुढे निघून गेली.

“काय झालं?” ढवळेसर अर्धे उठले. “विसरली काय?”

आतून तिचा आवाज आला. “फ्रान्सिसदादा, परत लावता? थोडं मागून.”

मी फ्रान्सिसच्या मानेकडे बघितलं. मान वळली नाही. त्याने परत लावलं.

या वेळी ती गाण्याचा प्रयत्नच करत नव्हती. नुसती ऐकत होती. कानात गुरू हळू आवाजात म्हणत होता, ‘उंबर’, श्वास, ‘ठ्यावर थांबले मी’. तिला लागलं असेल म्हणून मी तिचा चेहरा बघत होते. सगळ्या महाराष्ट्रापुढे जिच्यावरून बोलणी खाल्ली ती चूक, आणि मेलेल्या माणसाच्या तोंडून तिची नक्कल. पण तिने दोन्ही हात वर नेले आणि हेडफोन कानांवर घट्ट दाबून धरला.

ओळ संपल्यावर ती म्हणाली, “हे काढू नका.”

“काय काढू नका?” ढवळेसरांनी मला विचारलं. “काय आहे तिथं?”

फ्रान्सिसच बोलला, न वळता. “हार्मोनियमचा एक पीस आहे, सर. तिला सूर धरायला बरा पडतोय.”

“मग असू द्या ना. काहून काढता?”

फ्रान्सिसने गाणं पहिल्यापासून लावलं.

आसावरी गायली. तिच्या प्रत्येक ओळीखाली तो होता. ती जोरात गेली की तो बुडून जायचा, ती हळू झाली की परत ऐकू यायचा. मग ती ओळ आली. ‘उंबर’. दोघं थांबले. दोघांनी श्वास घेतला. ‘ठ्यावर’. दोघं एकदम.

गुरूने हे म्हटलं ऑगस्टमध्ये. तेव्हा आसावरी हिंगणघाटला होती, हा कागद तिने पाहिला नव्हता, चाल ऐकली नव्हती. नक्कल ऐकलेल्याची करतात. हे त्याने तिच्या तोंडून कधी ऐकलंच नव्हतं. ती या शब्दात कुठे थांबेल ते त्याला ठाऊक होतं, आणि तो तिथे आधीच जाऊन थांबला होता.

मी हेडफोन काढून ठेवावा असं मनात आलं. ठेवला नाही.

ती रडली नाही. गाणं संपलं, शेवटची तार विरली, तरी ती तशीच उभी होती. स्पीकर गप्प होता. पण आत, तिच्या आणि माझ्या कानांत, गुरूने कागद उचलल्याचा आवाज आला आणि मग त्याचं नेहमीचं, थोडं हेल काढून बोलणं. “फ्रान्सिसदादा, पट्टी तिला उंच पडली तर सांगा हां. मी परत येऊन खालून गाईन.”

मग ते बंद झालं. आसावरीने काचेकडे पाठ केली.

“झालं ना?” ढवळेसर पिशवी घेऊन उठले. “चाला, निघू. आसा, ये बाहेर.”

“बसा हो काका,” मंजिरीताई म्हणाल्या. “चहा राहिलाय तुमचा.” आणि त्यांनी टेबलावरचा कप उचलून सरांच्या हातात दिला. कप रिकामा होता. मला दिसत होता, तर त्यांना दिसत नसणार कसा. सरांनी कपात पाहिलं, होणाऱ्या विहीणबाईंच्या मुलीकडे पाहिलं, आणि मुकाट्याने बसले. रिकामा कप त्यांनी तोंडालाही लावला.

आत ती पाठमोरी उभी होती.

रिकामा कप खाली ठेवून सर म्हणाले, “मॅडम, तो श्वास हिनं पुन्हा मधातच घेतला. एकदा परत म्हणायला लावा ना. लोक हसतात.”

आसावरी वळली. चेहरा कोरडा होता. “राहू द्या, बाबा.”

“अगं, पण किती वेळा सांगितलं तुला—”

“राहू द्या.”

शाळेत त्यांना असं कुणी बोललं नसेल. ते माझ्याकडे बघू लागले, मी फ्रान्सिसकडे. फ्रान्सिस म्हणाला, “टेक चांगला आहे, सर. दुसरा असा येणार नाही.”

निघताना सर गाडी बघायला पुढे गेले, आसावरी त्यांच्या मागून. मंजिरीताई चष्मा काढून पर्समध्ये ठेवत दाराशी रेंगाळल्या.

“आईला फोन करायचाय मला,” त्या म्हणाल्या. “वाट बघत बसली असेल. सांगते, सरळ उभी राहून गायली, डोळ्यात टिपूस नाही.”

“बरं होईल,” मी म्हटलं.

“मी शाळेत हार्मोनियम शिकवते.” त्यांनी पर्सची चेन लावली. “या गाण्यात हार्मोनियम कुठेच नाहीये.”

मी मागे, फ्रान्सिसच्या खोलीकडे बघितलं.

“त्या दादांना म्हणावं, सीडी करताना मात्र नीट पुसा. घरात सगळे ऐकणार आहेत.” दोन पायऱ्या उतरून त्या थांबल्या. “आणि तिचा तो श्वास आहे तसा ठेवा. तिने सांगितलंय ना.”

लग्न डिसेंबरात झालं. सीडी फेब्रुवारीत आली. आतल्या पानावर सहा जणांचे सहा चौकटींत सहा फोटो. एका वर्तमानपत्राने लिहिलं, गुरुनाथचं गाणं चटका लावतं, मात्र आसावरीने श्वासाचा दोष अजूनही सुधारलेला नाही. आसावरी त्यानंतर व्यासपीठावर गायली नाही. कंपनी बंद पडली. फ्रान्सिस वसईला परतला. पुसलंस का, हे मी त्याला कधी विचारलं नाही. त्यानेही सांगितलं नाही.

मागच्या वर्षी कामासाठी नागपूरला गेले होते. आसावरीचा, म्हणजे आता देवतळेबाईंचा, गाण्याचा क्लास असल्याचं कुणी तरी सांगितलं, म्हणून सकाळी तिच्या घरी गेले. ती अंगाने भरली होती, केसांत एक पांढरी बट. मला ओळखलं, हसली, चहा आणून दिला. शेजारच्या खोलीत तिच्या सासूबाई मटार सोलत बसल्या होत्या, मधलं दार उघडं. समोर एक दोन वेण्यांची मुलगी शाळेच्या गॅदरिंगसाठी गाणं बसवत होती.

“कुठलं म्हणतेयस?” मी विचारलं.

“मोबाइलवर सापडलं हिला,” आसावरी म्हणाली. “दुसरं घे म्हटलं, ऐकत नाही.”

आसावरीने पेटीवर सूर धरला आणि मुलगी गायला लागली. गळा मोकळा होता. ‘उंबरठ्यावर थांबले मी, तू हाक मार ना.’ अख्खी ओळ तिने एका श्वासात म्हटली, कुठेही न अडखळता. आतून सासूबाई म्हणाल्या, “छान म्हणते हो पोरगी.”

आसावरीने पेटी थांबवली.

“इथे श्वास घे.”

“कुठे, टीचर?”

“‘उंबर’ झाल्यावर.”

“पण मग शब्द तुटतो ना, टीचर.”

“तुटू दे.”

मुलीला पटलं नाही. तेव्हा आसावरीने स्वतः म्हणून दाखवलं. पेटी नाही, नुसता गळा, अगदी खालच्या आवाजात. ‘उंबर’ म्हणाली आणि थांबली. श्वास घ्यायला लागतो त्याहून जास्त थांबली. आतला मटारांचा आवाज थांबला. मुलगी आधी तिच्याकडे, मग माझ्याकडे बघू लागली.

मी हातातला कप तोंडाला लावला. चहा केव्हाच संपला होता.